ताटातुटीच्या पुस्तकावर त्रेचाळीस नावं

व्याख्यान संपलं की एखादी पोरगी हमखास उठते आणि विचारते, "सर, तुम्ही मानसशास्त्र कुठल्या विद्यापीठातून केलं?" मी सांगतो, मी बी.ए. आहे, विषय इतिहास, गुण बेताचे, आणि जे काही मानसशास्त्र मला येतं ते मेंढ्यांच्या आजारांवरच्या एका सरकारी पुस्तिकेतून आलेलं आहे. सभागृह हसतं. सर विनोद करतात असं त्यांना वाटतं. तुटलेल्या मनाच्या माणसांसाठी मी आजवर चौदा पुस्तकं लिहिली, त्यातल्या तेरांच्या मलपृष्ठावर माझा फोटो आहे. पहिल्याच्या मलपृष्ठावर मात्र आमची अख्खी भावकी आहे. ते कसं झालं, ते इथं एकदा लिहून ठेवतो.

आमची वाडी न्हावऱ्याच्या अलीकडं. उत्तरेला एस.टी. पकडली की शिरूर, दक्षिणेला पकडली की नदी ओलांडून केडगाव, आणि पुढं दौंड. आजोबांपर्यंत आमचं बिऱ्हाड घोड्याच्या पाठीवर असायचं. आबांनी, म्हणजे माझ्या वडलांनी, विहीर पाडली, दोन खोल्यांवर पत्रे टाकले आणि मेंढरं कमी करून कांदा लावायला घेतला. पण मेंढरं सगळी विकली नाहीत. दहा-बारा दावणीला राहिलीच. घरात मेंढीचं ओरडणं नसलं तर झोप लागत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं. सकाळी मला जाग यायची ती दोन आवाजांनी, आईच्या भाकरी थापण्याच्या आणि मेंढरांच्या, आणि कैक दिवस हे दोन आवाज एकमेकांना उत्तरं देतात असंच मला वाटायचं. आईचं हुलग्याचं माडगं, बाजरीची भाकरी, वर ठेचा. शिरूरच्या कॉलेजात डब्यावरून पोरं मला हसायची आणि मग डबा संपवायचीही.

घरात छापील अशी एकच वस्तू होती. कुणा साहेबानं शिबिरात वाटलेली, 'मेंढ्यांचे आजार : लक्षणे, कारणे व उपाय' ही पुस्तिका. आबांना अक्षर येत नव्हतं. संध्याकाळी पोटात अन्न गेलं की ते भिंतीला टेकायचे आणि म्हणायचे, "वाच रं." मी वाचायचो : "बाधित मेंढी कळपापासून अलग उभी राहते, मान खाली घालते, चाऱ्यावरून तिची वासना उडते." आबा मान डोलवायचे. "बरूबर. लिवनारानं मेंढरं वळल्याली हायेत." दुसरी-तिसरीपासून कॉलेजपर्यंत ती पुस्तिका मी त्यांना इतक्या वेळा वाचून दाखवली, की मी एखादी ओळ गाळली तर ते डोळे न उघडता मला मागं न्यायचे.

मी पदवीधर झालो. आमच्या वाडीत पहिला. हे मी मिरवण्यासाठी लिहीत नाही, असं म्हणालो तर खोटं होईल, मिरवण्यासाठीच लिहितोय. आबांनी प्रमाणपत्राला शिरूरहून काच लावून आणली आणि बिरोबाच्या तसबिरीशेजारी खिळा ठोकला. आईनं दोघांनाही कुंकू लावलं. देवाला लावलेलं दुसऱ्या दिवशी पुसलं, माझ्या काचेवरचं मात्र पुढं कितीतरी महिने तसंच होतं.

तर कॉलेजात मंगल होती. नदीपल्याडच्या गावची, तिथल्या दूध डेअरीच्या चेअरमनची मुलगी. चेअरमनना सगळे आण्णा म्हणायचे. मोठे बागायतदार, घरावर गच्ची, दारात जीप. मंगल कुणाचं ऐकून घ्यायची नाही. इतिहासाच्या तासाला सरांच्या सनावळीतली चूक उभी राहून सांगायची. अशी मुलगी आपल्याशी बोलते म्हणजे आपण कोणीतरी आहोत, अशी माझी समजूत होती. तीन वर्षं आम्ही एस.टी. स्टँडवरच्या रसवंतीत बसलो आणि पुढं काय हा विषय दोघांनीही काढला नाही, कारण उत्तर दोघांनाही माहीत होतं. निकाल लागल्यावर ती दौंडला मावशीकडं आली होती. परतीच्या गाडीची वाट बघत फलाटाच्या बाकावर तिनं मला सांगितलं, लग्न ठरलं, वैशाखात आहे. आमच्या दोघांत कागदावर दोन वडापाव होते. पुढं काय घडलं ते मी माझ्या पुस्तकात असं लिहिलं : 'ती ढसाढसा रडली. वडापावाला तिनं हातही लावला नाही. मी मात्र खंबीर होतो. तिचे डोळे पुसून मी तिला गाडीत बसवलं आणि मागं वळून पाहिलं नाही.'

मी तेव्हा कारेगावला एका कंपनीत टाइम ऑफिसात लागलो होतो. चौघांत एक खोली. त्या खोलीत मी आठ दिवस जेवलो नाही, असं मला वाटतं. बाकीचे सांगतात दोन दिवस. नवव्या, किंवा तिसऱ्या, दिवशी मी वही उघडली आणि स्वतःसाठी लिहायला बसलो. पुस्तक कसं असतं याचा माझ्यापुढं एकच नमुना होता. म्हणून मी तीन मथळे घातले : लक्षणे, कारणे, उपाय. 'बाधित इसम मित्रांपासून अलग उभा राहतो, मान खाली घालतो, जेवणावरून त्याची वासना उडते.' पुढं अकरा नियम. तिच्या गावच्या एस.टी.त बसू नये. दाढी वाढवू नये, खाज सुटते. तिच्या लग्नात वाढपी म्हणून जाऊ नये. खोलीतल्या एका बिहारी दोस्तानं माझ्याकडून ते हिंदीत सांगून घेतलं आणि म्हणाला, "भाई, ये तो दवाई है." मग वही या खोलीतून त्या खोलीत फिरायला लागली, तिच्या झेरॉक्स निघाल्या. कंपन्यांच्या त्या खोल्यांमध्ये गावाकडं कुणाचं ना कुणाचं लग्न ठरलेलं असायचंच. तेव्हा मी ठरवलं, छापायचं.

नाव 'ताटातुटीनंतर काय करावे?' लेखक, 'एक प्रवासी'. मी हुशार होतो. खरं नाव दिलं तर आबांना कळेल, आणि मंगल तर सोडाच. पुस्तकात मंगलचंही नाव मी बदललं होतं. फक्त नावच. वडील दूध डेअरीचे चेअरमन, कॉलेज शिरूरचं, हनुवटीवर तीळ, लग्न वैशाखात, हे सगळं जसंच्या तसं. हुशारीची आमच्याकडं तेवढीच सोय होती.

दौंडला लग्नपत्रिका छापणारे एक काका होते. आत ट्रेडल मशीन खडखडायचं, पुढं टेबलावर पत्रिकांचे नमुने. मी हस्तलिखित देऊन कारेगावला गेलो. प्रूफ तयार झाल्यावर काकांनी वाडीतल्या डेअरीत फोन करून निरोप ठेवला, "भानुदासला पाठवा." भानुदास म्हणजे मी. पण मी सेकंड शिफ्टला. निरोप पोचला आबांना आणि आबा दौंडच्या बाजाराला निघालेच होते. पुढचं संभाषण काकांनी मला नंतर इतक्या वेळा नक्कल करून दाखवलं की ते मी समोर असल्यासारखं लिहू शकतो.

"ह्याच्यात भान्याचं नाव कुठं हाय?" आबांनी प्रूफावर बोट ठेवून विचारलं.

"नाव नाही टाकायचं म्हणालाय. 'एक प्रवासी' टाकलंय."

"कोन प्रवासी?"

"भानुदासच की, आबा."

"त्यो कुटं चाललाय?"

काकांनी कपाळाला हात लावला. आबा पुढं म्हणाले, "आन् भावकी?"

"पुस्तकावर भावकी नसती आबा."

"कुनी सांगितलं? छापल्यालं हाय, वाटायचं हाय, मंग भावकी नगं? येकदा चुकलो त्येवढं पुरं."

इथं एक गोष्ट सांगायला हवी. ताईच्या, माझ्या थोरल्या बहिणीच्या, लग्नाच्या पत्रिकेत एका चुलत चुलत्याचं नाव राहिलं होतं. त्या चुलत्यानं तीन वर्षं आमच्या बांधावरून जाताना तोंड फिरवलं, आणि तोंड फिरवलेलं आम्हाला दिसावं म्हणून दिवसातून दोनदा जायला लागला. तेव्हापासून छापील कागद म्हटलं की आबांच्या अंगावर काटा यायचा. पुस्तकात आत काय आहे, हे त्यांनी काकांना विचारलं नाही. पोरगा पदवीधर आहे, चांगलंच लिहिलं असेल. त्यांनी खुर्ची ओढली आणि तोंडपाठ नावं सांगायला सुरुवात केली. काकांनी लग्नपत्रिकेची चौकट उचलली आणि अक्षरांचे खिळे भरले.

गुरुवारी सुट्टीला मी वाडीत आलो तर अंगणात आई बसलेली, समोर वाटून उरलेल्या पुस्तकांची चळत, हातात हळदी-कुंकवाचा करंडा. ती प्रत्येक पुस्तकाच्या कोपऱ्याला बोट लावत होती. मी एक पुस्तक उचललं. वर '॥ श्री बिरोबा प्रसन्न ॥', खाली 'ताटातुटीनंतर काय करावे?', त्याखाली 'लेखक : चि. भानुदास, बी.ए.' मागचं पान उलटलं. 'आपले विनम्र' खाली भावकीची छत्तीस नावं, आबांच्या हिशोबानं वयाच्या क्रमानं. 'प्रमुख उपस्थिती' खाली सात. सरपंच, सोसायटीचे सचिव, ग्रामसेवक असं करत करत सातव्या नंबरला : 'मा. आण्णासाहेब, चेअरमन, दूध डेअरी.' आणि सगळ्यात खाली, ताईच्या पोरांच्या नावानं : 'आमच्या मामाचं पुस्तक वाचायचं हं!'

"आबा, आण्णांचं नाव कशाला?" मी विचारलं.

"मोठा मानूस हाय. आसं नाव आसलं म्हंजी पुस्तकाला वजन येतं."

"त्यांना दिलं नाही ना अजून?"

"पयलं बिरोबाला ठिवलं, दुसरं त्येंला. काल सोता जाऊन दिलं. लई खूश झालं."

मी खाली बसलो. पोरगी मांडवात उभी राहायला आठ दिवस होते आणि तिच्या बापाच्या हातात, त्याच्याच नावानिशी, तिचा तीळ होता. माझं काय व्हायचं ते होवो. आण्णांनी ते पान वाचलं असतं तर मंगलचं लग्न मोडलं असतं, आणि आमच्या भागात मोडलेल्या लग्नाचा दोष कुणाच्या पदरात पडतो हे मला कुणी सांगायची गरज नव्हती. शेजारच्यांची लूना घेतली आणि निघालो. चढाला पायडल मारत, उताराला देवाचं नाव घेत.

आण्णा ओट्यावर बसले होते. चष्मा नाकावर, पुस्तक हातात. मागच्या बाजूला मांडववाले दोरी धरून माप घेत होते. मला बघून आण्णांनी चष्म्यावरून नजर टाकली.

"ये. तुझीच वाट बघत व्हतो."

"आण्णा, छपाईत चूक झाली. पुस्तक परत पाहिजे होतं."

"चूक झालीच हाय!" त्यांनी पुस्तकावर थाप मारली. "मला सांग, तुमच्याकडं शिकल्याली मानसं हायेत ना? मंग ही चूक हुतीच कशी? ग्रामसेवकाच्या खाली माझं नाव?"

मी हात जोडले.

"ग्रामसेवक आज हाय, उद्या बदली हुईल. मी पंधरा वरसं चेअरमन हाय. सातवा नंबर?"

"चुकलं, आण्णा," मी म्हणालो. इतक्या मनापासून मी आयुष्यात कुणाची माफी मागितलेली नाही. "पुढच्या छपाईत वर घेतो. हे द्या."

"ह्ये ऱ्हाऊ दे. उद्या नवरदेवाकडची मानसं येनारेत. त्येंला दावायचंय. पुस्तकात नाव आल्यालं आपल्या गावात मीच पयला."

तेवढ्यात मांडववाल्यानं मागून हाक मारली, "आण्णा, खांब विहिरीकडं घेऊ का?" आणि आण्णा पुस्तक ओट्यावर ठेवून उठले. मी हात लांबवला, तर आतून मंगल पाण्याचा तांब्या घेऊन आली.

"राहू दे तिथंच," ती म्हणाली. "मी वाचलंय."

"आण्णांनी?"

"आण्णांनी मागचं पान वाचलं. चार वेळा. मग मला मोठ्यानं वाचायला लावलं. आतलं कोण वाचतंय? तरी एकोणीस नंबरचं पान मी फाडलं. पाणी तापवायला चुलीत घातलं."

मी हुश्श केलं. "बरं केलंस. कुणाला कळलं असतं तर..."

"कळायच्या भीतीनं नाही फाडलं," ती म्हणाली. "खोटं होतं म्हणून फाडलं. मी कुठं रडले रे? तू रडलास. फलाटावरचा हमाल येऊन विचारून गेला, ताई, ह्यांचं कोण गेलं? आणि वडापाव? दोन्ही मी खाल्ले. तुझा गार होत होता, मला गाडी होती, सकाळपासून पोटात काही नव्हतं. मागं वळून पाहिलं नाही म्हणे. गाडीबरोबर सिग्नलच्या केबिनपर्यंत कोण पळत आलं होतं?"

मी तांब्यातलं पाणी प्यायलो. दुसरं काही करण्यासारखं नव्हतं.

"बाकीचं बरं लिहिलंयस," ती म्हणाली. "दाढीचं तर एकदम खरं. पण ज्या पुस्तकात पहिलीच गोष्ट खोटी, ते वाचून कुणाला गुण कसा येणार? परत छापशील तेव्हा नीट लिही." मागून आण्णांचा आवाज जवळ आला तशी ती तांब्या घेऊन आत गेली. त्यानंतर मी तिला भेटलो नाही. सासरी ती शाळेत शिकवते, एवढं ऐकून आहे. तिथं सनावळीतल्या चुका कोण काढत असेल, कुणास ठाऊक.

येताना वाटेवरच्या प्रत्येक घरी मी थांबलो. पुस्तक वाचलं का, असं विचारत. वाचलं, वाचलं, सगळ्यांनी सांगितलं. एकानं त्याचं नाव धाकट्या भावाच्या खाली आल्याचं सांगितलं. एकानं विचारलं, जेवण कधी आहे. तो तोंड फिरवणारा चुलता तर बांधावर उभा राहून मला पुस्तक हलवून दाखवत होता, पहिल्या पाचांत नाव आल्यामुळं. अख्ख्या वाडीत माझं पुस्तक पोचलं आणि आतलं एक पानही कुणी उलटलं नाही. त्या दिवशी मला त्याचा इतका आनंद झाला, की लेखक म्हणून त्याचं वाईट वाटायला पुढं दोन वर्षं जावी लागली.

घरी पोचलो तर वेगळंच. केडगावहून माझे मामा आले होते आणि पाणी न घेता अंगणात उभे होते. त्रेचाळीस नावांत आईच्या माहेरचं एकही नाव नव्हतं. आबांचा हिशोब असा की हे काही लग्न नाही, मग मामाचं काय काम? आईनं करंडा आपटून ठेवला होता. तिथून पुढं पंधरा दिवस आई आबांशी मेंढरांमार्फत बोलली. "सांग गं बाई त्येंला, भाकरी झाल्या. माझ्या माह्यारच्यांनी बाजरी दिल्याली हाय, तरीबी झाल्या." आबा ऐकायचे आणि मेंढीकडं बघायचे. शेवटी त्यांनी मला बाजूला घेतलं. "भान्या, परत छाप बाबा. मामाचं नाव वर घाल. बिरोबाच्या खाली लगेच."

मराठीत पहिल्या आवृत्तीचं एकही पुस्तक विकलं न जाता दुसरी आवृत्ती निघालेला मी एकमेव लेखक असेन. तिच्यात मामा आले, आण्णा पहिल्या नंबरला गेले, चेअरमनच्या मुलीची मी शाळामास्तरची मुलगी केली. तीळ काढला. एवढं करून मी काकांच्या टेबलावर प्रूफ घेऊन बसलो आणि एकोणिसाव्या पानाशी अडलो. ती वाक्यं खोडायला पेन उचललं की हात थांबायचा. मी पदवीधर, वाडीतला पहिला, फलाटावर हमालासमोर रडलो, हे छापायचं? आणि छापलं तर आबांना सिंधू, माझी धाकटी बहीण, वाचून दाखवणार, कारण आता नावं बरोबर आलीत का हे आबा कान देऊन तपासणार होते. शेवटी पान तसंच गेलं. पण रात्रपाळी करून आल्यासारखा मी दिवसभर काकांसमोर बसून राहिलो, तेव्हा काका म्हणाले, "एक चिठ्ठी लावू का आत? शुद्धिपत्राची? लग्नाची तारीख चुकली की आम्ही लावतो."

ती चिठ्ठी मी उभ्या उभ्या लिहून दिली. 'शुद्धिपत्र. पान १९. ती रडली नाही. मी रडलो. दोन्ही वडापाव तिनं खाल्ले. मी गाडीमागं केबिनपर्यंत पळालो. वाचकांनी कृपया दुरुस्त करून वाचावे.' पुढं कारेगावच्या खोल्यांमधून जी पत्रं आली, ती सगळी त्या चिठ्ठीबद्दल होती. अकरा नियमांबद्दल एकही नाही.

पुस्तकं आली त्या दुपारी आबा भिंतीला टेकून बसले आणि म्हणाले, "सिंधे, वाच." मी दावणीपाशी कारण नसताना मेंढरांना पाणी दाखवत होतो. सिंधूनं नावं वाचली. आबांनी बोटं दुमडत सगळी मोजली. मामाच्या नावाला आतून आईनं भांडं वाजवून संमती दिली. मला वाटलं संपलं. आबा म्हणाले, "आता आतलं." सिंधू वाचायला लागली. लक्षणांच्या दुसऱ्या ओळीलाच आबांनी डोळे उघडले.

"आरं, ह्ये तर आपल्या मेंढराच्या पुस्तकातलं हाय!"

मी पाठमोरा.

"पर त्येच्यात शेवटाला व्हतं, गुण न आल्यास डाक्टराला दावावं. त्ये का गाळलं?"

"चुकून राहिलं आबा."

"घालाय पायजे व्हतं." त्यांनी डोळे मिटले. सिंधू पुढं वाचत गेली. एकोणिसावं पान आलं, फलाट आला, ती रडली, मी खंबीर राहिलो. मग सिंधू थांबली, चिठ्ठी तिच्या हातात आली होती. तिनं माझ्याकडं पाहिलं. मी मेंढीकडं पाहिलं. तिनं वाचली, पहिल्या शब्दापासून शेवटच्यापर्यंत, न गाळता, कारण आमच्या घरात वाचताना गाळायची पद्धत नव्हती.

आतलं भाकरीचं थापणं थांबलं. मग आबांनी मला हाक मारली.

"भान्या. दोन्ही वडं तिनंच खाल्लं?"

"व्हय आबा."

"मंग ठीक हाय," आबा म्हणाले. "पोरगी उपाशी न्हाई गेली."